मूक यात्रेचा आवाज : दांडीची चित्रफीत आणि प्रेक्षकाचा विश्वास

१/
स्वातंत्र्यलढ्यावरील माहितीपटांत एक दृश्य हमखास येते. हाती काठी घेतलेले गांधीजी झपाझप चालत आहेत, मागे सत्याग्रहींची रांग आहे आणि दुतर्फा गर्दी लोटली आहे. जयघोष ऐकू येतो, पावलांचा आवाज येतो आणि त्यावर गांधीजींचा संथ स्वर उमटतो. दृश्य अस्सल असते, स्वरही त्यांचाच असतो. मात्र त्या दृश्याची आणि त्या स्वराची गाठ १९३० साली पडलेली नव्हती. ती बऱ्याच वर्षांनी, संकलकाच्या टेबलावर पडली. #इतिहास #थ्रेड

२/
जुनी चित्रफीत आणि जुना ध्वनी ही इतिहासाची साधने आहेत, तशीच ती चित्रपट-दूरदर्शनच्या कारागिरीचा कच्चा मालही आहेत. कागदपत्राची शहानिशा कशी करावी, हे इतिहासाचा विद्यार्थी शिकतो. पडद्यावर हलणाऱ्या चित्रावर मात्र तो सहज विश्वास ठेवतो. तो विश्वास कुठे ठेवावा आणि कुठे थांबून विचार करावा, हे दांडीयात्रेच्या उदाहरणावरून समजून घेता येते.

३/
प्रथम घटनाक्रम. १२ मार्च १९३० रोजी गांधीजी साबरमती आश्रमातून निवडक ७८ सहकाऱ्यांसह निघाले. २४ दिवसांत सुमारे ३८५ किलोमीटर अंतर चालून ५ एप्रिलला ते दांडीला पोहोचले आणि ६ एप्रिलच्या सकाळी त्यांनी मिठाचा कायदा मोडला. मार्ग आणि मुक्काम आधीच जाहीर झालेले होते. त्यामुळे वार्ताहर, छायाचित्रकार आणि चलच्चित्रण करणारे यांना आपापली जागा धरून उभे राहता आले. कॅमेऱ्याला इतकी पूर्वसूचना मिळालेल्या राजकीय घटना तोवर हिंदुस्थानात फारशा घडल्या नव्हत्या.

४/
परदेशी वृत्तपट कंपन्यांबरोबर मुंबईच्या मूकपट कंपन्याही या यात्रेच्या चित्रणात उतरल्या. शारदा फिल्म कंपनी आणि कृष्णा फिल्म कंपनी ही त्यांतील नावे. एरवी पौराणिक आणि साहसी चित्रपट काढणाऱ्या या मंडळींना प्रेक्षकांची नाडी ठाऊक होती. गांधीजींना पडद्यावर पाहण्यासाठी लोक तिकीट काढतील, हा त्यांचा व्यापारी हिशेब होता. त्या हिशेबात देशभक्तीही मिसळलेली होती.

५/
सरकारलाही ही नाडी ठाऊक होती. मुंबईसह अनेक प्रांतांनी अशा चित्रफितींच्या प्रदर्शनावर बंदी घातली. वर्तमानपत्र वाचण्यासाठी अक्षरओळख लागते, चित्रफीत पाहण्यासाठी ती लागत नाही. राज्यकर्त्यांची भीती नेमकी हीच होती. ज्या चित्रफिती आज शालेय माहितीपटांत निर्धास्तपणे दाखवल्या जातात, त्या एकेकाळी आक्षेपार्ह ठरल्या होत्या. त्यांतील काही नष्ट झाल्या, काही परदेशी संग्रहांत पडून राहिल्या. जे उरले, त्यातूनच पुढचा प्रत्येक माहितीपट घडला.

६/
आता मुख्य मुद्दा. ‘आलम आरा’ हा हिंदुस्थानातील पहिला बोलपट मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात झळकला तो १४ मार्च १९३१ रोजी. म्हणजे यात्रा सुरू झाल्याला तेव्हा एक वर्ष आणि दोन दिवस झाले होते. यात्रेच्या ज्या चित्रफिती नेहमी दाखवल्या जातात, त्या मूक आहेत. त्यांवर ऐकू येणारा जयघोष, झांजांचा नाद, समुद्राची गाज हे सारे नंतर चढवलेले असते.

७/
मग आकाशवाणीचे काय? मुंबईत जुलै १९२७ मध्ये एका खासगी कंपनीने नभोवाणी केंद्र सुरू केले होते, पण १९३० मध्ये ती कंपनी बुडाली आणि प्रसारण सरकारच्या हाती गेले. सरकारविरोधी सत्याग्रहाचा आवाज सरकारी केंद्रावरून जाणे शक्यच नव्हते. त्यामुळे वाटेतील गावागावांत, झाडाखाली किंवा चावडीपुढे गांधीजी जे बोलले, त्याचा शब्द वार्ताहरांच्या वह्यांमुळे उरला. स्वर मात्र हवेत विरला.

८/
या चित्रफितीतील दुसरी फसगत वेगाची आहे. मूकपटाच्या काळात कॅमेऱ्याचा दांडा बहुधा हाताने फिरवला जाई आणि सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी टिपल्या जात. बोलपटासाठी सेकंदाला २४ चौकटी हा वेग ठरला. १६ चौकटींच्या वेगाने टिपलेली फीत २४ च्या वेगाने चालवली, की प्रत्येक हालचाल दीडपट जलद होते. साठी ओलांडलेले गांधीजी मुळातच भराभर चालत, हे खरे. पण काही जुन्या माहितीपटांत ते जवळजवळ पळताना दिसतात, त्याला हे यांत्रिक कारण आहे.

९/
यावर उपाय होता. नवी प्रत काढताना दर दोन चौकटींमागे एक चौकट पुन्हा छापायची, म्हणजे १६ च्या २४ होतात आणि चाल पूर्ववत दिसते. हालचाल थोडी अडखळते, पण माणसे माणसांसारखी चालतात. आज संगणक मधल्या चौकटी स्वतः तयार करतो आणि हालचाल गुळगुळीत होते. मात्र त्या मधल्या चौकटी कोणत्याही कॅमेऱ्याने कधीच पाहिलेल्या नसतात. दुरुस्ती आणि नवनिर्मिती यांतील सीमारेषा इतकी बारीक असते.

१०/
चित्र आणि आवाज एकत्र टिपले गेलेले गांधीजी पाहण्यासाठी १९३१ साल उजाडावे लागले. त्या वर्षी गुजरातेत बोरसद येथे अमेरिकेच्या फॉक्स मूव्हिटोन कंपनीने त्यांची बोलती मुलाखत घेतली. जमिनीवर बसलेले गांधीजी, समोर परदेशी वार्ताहर आणि तुरुंगापासून मृत्यूपर्यंतचे प्रश्न. उत्तरे तुटक आणि सावकाश येतात. मध्येच शांतता पसरते, आजूबाजूचे आवाज शिरतात. ऐकायला ती तितकीशी आकर्षक नाही, पण ओठ आणि शब्द येथे एकाच क्षणाचे आहेत. इतिहासाच्या दृष्टीने तिचे मोल म्हणूनच मोठे.

११/
त्याच वर्षी गोलमेज परिषदेसाठी गांधीजी लंडनला गेले आणि शहराच्या पूर्व भागातील किंग्जली हॉलमध्ये उतरले. तेथे २० ऑक्टोबर १९३१ रोजी कोलंबिया ग्रामोफोन कंपनीने त्यांच्या आवाजाची तबकडी तयार केली. राजकारणावर बोलण्याचे त्यांनी टाळले. १९२८ साली ‘यंग इंडिया’त लिहिलेला ईश्वरविषयक मजकूर त्यांनी इंग्रजीतून वाचला. सुमारे सहा मिनिटांची ही तबकडी स्वच्छ आहे, स्वर ठाशीव आहे आणि मागे गोंगाट नाही.

१२/
संकलकाला मोह होतो तो येथेच. एका हाताशी दांडीची मूक चित्रफीत असते, दुसऱ्या हाताशी ही निर्मळ तबकडी. दोन्ही अस्सल. एकमेकांवर ठेवल्या की अंगावर काटा आणणारे दृश्य तयार होते. पण परिणाम काय होतो? गुजरातच्या खेड्यांत गुजरातीतून शेतसारा, दारू, खादी आणि मीठ यांवर बोलणारा नेता इंग्रजीतून ईश्वराचे तत्त्वज्ञान सांगत चालला आहे, असे प्रेक्षकाला वाटू लागते. कोणीही खोटे बोललेले नसते, तरीही प्रेक्षकाच्या मनात एक खोटी घटना घडून गेलेली असते.

१३/
याचेच दुसरे रूप वयाचे. १९४७-४८ मध्ये दिल्लीतील सायंप्रार्थनेनंतरची गांधीजींची भाषणे आकाशवाणीने ध्वनिमुद्रित केली. १२ नोव्हेंबर १९४७ रोजी कुरुक्षेत्रातील निर्वासितांशी बोलण्यासाठी ते दिल्लीच्या प्रसारण केंद्रात आले. त्या केंद्राला त्यांनी दिलेली ती एकमेव भेट. हा स्वर ७८ वर्षांच्या, उपोषणांनी थकलेल्या आणि फाळणीने व्यथित झालेल्या माणसाचा आहे. तो १९३० च्या दृश्यावर ठेवला, की साठीतला सेनानी अकाली वृद्ध होतो आणि फाळणीचे दुःख मिठाच्या लढ्याला जाऊन चिकटते.

१४/
संग्रहित चित्रणातून गांधीजींचे चरित्र उभे करण्याचा पहिला मोठा प्रयत्न एका तमिळ तरुणाचा. चेट्टिनाडच्या ए. के. चेट्टियार यांनी टोकियो आणि न्यूयॉर्क येथे छायाचित्रणाचे शिक्षण घेतले होते. १९३७ च्या ऑक्टोबरमध्ये अटलांटिक महासागरावरील बोटीत त्यांच्या मनात ही कल्पना आली. पुढची दोन-अडीच वर्षे त्यांनी चार खंडांत मिळून सुमारे एक लाख मैलांचा प्रवास केला. वेगवेगळ्या देशांतील संग्रह, वृत्तपट कंपन्या आणि खासगी व्यक्ती यांच्याकडून त्यांनी सुमारे ५०,००० फूट फीत जमवली.

१५/
त्यातून निवडलेला सुमारे १२,००० फुटांचा माहितीपट तमिळ निवेदनासह १९४० साली प्रदर्शित झाला. दुसरे महायुद्ध सुरू होते आणि सरकारी रोषाची तलवार टांगलेली होती. पुढे त्याच्या तेलुगू आणि हिंदी आवृत्त्या निघाल्या आणि १९५३ मध्ये अमेरिकेत इंग्रजी आवृत्ती तयार झाली. नियतीचा खेळ असा, की जगभरच्या विखुरलेल्या फिती एकत्र करणाऱ्या या माणसाचा मूळ तमिळ चित्रपटच पुढे हरवला. इंग्रजी आवृत्तीची प्रत इतिहास-अभ्यासक ए. आर. वेंकटाचलपती यांना अमेरिकेतील एका विद्यापीठात मिळाली.

१६/
फिती हरवतात, कारण त्या नाशवंत असतात. १९५० च्या सुमारापर्यंत व्यावसायिक चित्रपट नायट्रेट फितीवर निघत. ती झटकन पेट घेते आणि जळताना स्वतःच प्राणवायू पुरवत असल्याने पाण्याखालीही विझत नाही. नंतरची ॲसिटेट फीत सुरक्षित मानली गेली, पण उष्ण दमट हवेत तिलाही कीड लागते. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास येतो आणि फीत आक्रसू लागते. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. ८ जानेवारी २००३ रोजी तेथील नायट्रेट फितींच्या साठ्याला आग लागली आणि भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळाचा मोलाचा ठेवा भस्मसात झाला.

१७/
कधी फीत जळते, कधी कॅमेराच हजर नसतो. महायुद्धाच्या काळात सरकारने ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ ही प्रचारसंस्था आणि ‘इंडियन न्यूज परेड’ हा वृत्तपट चालवला. राष्ट्रीय विचाराच्या लोकप्रतिनिधींचा या प्रचारावर राग होता. मध्यवर्ती कायदेमंडळाने तिचे अनुदान रोखले आणि १९४६ मध्ये ती बंद पडली. परिणाम असा, की १५ ऑगस्ट १९४७ उजाडला तेव्हा तो दिवस टिपायला सरकारजवळ स्वतःचे चित्रपट पथकच नव्हते.

१८/
स्वातंत्र्याच्या पहिल्या दिवसाची जी दृश्ये आज दर ऑगस्टमध्ये दाखवली जातात, ती खासगी देशी चित्रकारांनी आणि परदेशी वृत्तपट कंपन्यांनी टिपलेली आहेत. ‘फिल्म्स डिव्हिजन’ ही संस्था मुंबईत स्थापन झाली १९४८ मध्ये. एका राष्ट्राच्या जन्माची चित्रस्मृती कोणाच्या मालकीची, कोणत्या देशाच्या तळघरात आणि किती शुल्क भरून मिळणारी, हा प्रश्न त्यामुळे आजही माहितीपटकारांपुढे उभा असतो. स्वदेशाच्या इतिहासाचे अर्धे मिनिट विकत घेण्यासाठी परदेशी संग्रहाशी करार करावा लागतो.

१९/
या मर्यादा ओळखून काम केल्याचे एक उदाहरण मुंबईत घडले. विठ्ठलभाई झवेरी यांनी गांधीजींची छायाचित्रे आणि चित्रफिती जमवण्यात आयुष्याची बरीच वर्षे घालवली. दी. गो. तेंडुलकर यांच्या आठ खंडांच्या इंग्रजी चरित्रग्रंथाच्या, म्हणजे ‘महात्मा’च्या, सिद्धतेतही त्यांचा वाटा होता. १९६८ मध्ये, जन्मशताब्दीच्या तोंडावर, त्यांचा ‘महात्मा’ हा पाच तासांहून मोठा कृष्णधवल माहितीपट पूर्ण झाला. गांधी स्मारक निधीने फिल्म्स डिव्हिजनच्या सहकार्याने तो काढला.

२०/
झवेरींपुढेही तीच अडचण होती. आयुष्य दीर्घ, चित्रे पुष्कळ, पण आवाज थोडा. त्यांनी निवडलेला मार्ग सरळ होता. निवेदनात बहुतांशी गांधीजींच्याच लेखनातील शब्द घ्यायचे, पण ते निवेदकाने स्वतःच्या आवाजात वाचायचे. शब्द कोणाचे आणि स्वर कोणाचा, याबद्दल प्रेक्षकाच्या मनात घोटाळा राहत नाही. परिणाम थोडा संथ होतो, कंटाळवाणा वाटण्याचा धोकाही असतो, पण पुरावा पुराव्याच्या जागी राहतो.

२१/
हा पेच केवळ हिंदुस्थानचा नाही. डंकर्कच्या माघारीनंतर ४ जून १९४० रोजी चर्चिल यांनी ब्रिटिश संसदेत केलेले भाषण आज असंख्य युद्धपटांत ऐकू येते. पण त्या काळी सभागृहातून प्रसारण होत नसे. ते रेडिओवर नियमित सुरू झाले १९७८ मध्ये. त्या रात्री ब्रिटिश श्रोत्यांनी भाषणाचे उतारे वृत्तनिवेदकाच्या तोंडून ऐकले. चर्चिल यांचा जो स्वर सर्वांच्या परिचयाचा आहे, तो त्यांनी १९४९ मध्ये स्वतःच्या घरी, लढाई जिंकल्यावर, ध्वनिमुद्रित केलेला आहे.

२२/
फरक लहान वाटतो, पण लहान नाही. जून १९४० मध्ये पराभव दाराशी उभा होता आणि बोलणाऱ्याला निकाल माहीत नव्हता. १९४९ मध्ये तो माहीत होता. जळती जहाजे आणि थकलेले सैनिक यांच्या दृश्यांवर विजयानंतरचा स्वर ठेवला, की त्या काळच्या माणसांना वाटलेली अनिश्चितता पुसली जाते. जे घडले ते घडणारच होते, असे प्रेक्षकाला वाटू लागते. इतिहासाच्या आकलनाला यासारखा दुसरा धोका नाही.

२३/
चित्राबाबतही असेच घडले आहे. १९१६ मधील सोमच्या लढाईवरचा ब्रिटिश चित्रपट लढाई चालू असतानाच इंग्लंडमध्ये दाखवला गेला आणि लाखो लोकांनी तो पाहिला. त्यातील बराचसा भाग आघाडीवरचा खरा आहे. पण खंदकातून उसळून बाहेर पडणाऱ्या आणि त्यातील काही जागीच कोसळणाऱ्या सैनिकांचे सर्वांत गाजलेले दृश्य आघाडीच्या मागे, प्रशिक्षणाच्या जागी मुद्दाम घडवून घेतलेले होते. सैनिकांच्या पाठीवर सामान नाही आणि कॅमेरा अशा जागी आहे, जिथे खऱ्या गोळीबारात कोणी टिकला नसता. अभ्यासकांना शंका आली ती अशा खुणांवरून.

२४/
त्याच महायुद्धाच्या फिती घेऊन पीटर जॅक्सन यांनी २०१८ मध्ये ‘दे शाल नॉट ग्रो ओल्ड’ हा चित्रपट केला. वेग सुधारला, रंग भरले, सैनिकांच्या ओठांच्या हालचाली वाचणारे जाणकार बोलावून त्यांना नव्या कलावंतांचा आवाज दिला. निवेदक नाही. ऐकू येतात त्या माजी सैनिकांनी कित्येक दशकांनंतर दिलेल्या मुलाखती. शंभर वर्षांपूर्वीचे तरुण एकाएकी शेजारच्या मुलांसारखे दिसू लागले. अनेकांना त्यात युद्ध प्रथमच जवळून भेटले. काही इतिहासकारांनी मात्र विचारले, की रंग आणि आवाज अंदाजाने भरल्यावर मूळ पुरावा कोठे संपतो, हे प्रेक्षकाला कसे कळावे?

२५/
आता मुंबईकडे परत येऊ. १९४२ च्या ऑगस्टमध्ये उषा मेहता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘काँग्रेस रेडिओ’ हे गुप्त केंद्र सुरू केले. जागा बदलत बदलत ते सुमारे तीन महिने चालले. १२ नोव्हेंबर १९४२ रोजी छापा पडला. सरकारी यंत्रणा हे कार्यक्रम चोरून ऐकून शब्दशः लिहून घेत असे. ज्यांनी तो आवाज दडपायचा, त्यांच्याच दप्तरात त्याचे शब्द उरले. २०२४ मध्ये ‘ऐ वतन मेरे वतन’ हा चित्रपट या विषयावर आला, तेव्हा तो आवाज अभिनेत्रीला नव्याने उभा करावा लागला. तो कथापट होता आणि प्रेक्षकाला ते ठाऊक होते. पुनर्रचना जेव्हा स्वतःला पुनर्रचना म्हणवते, तेव्हा ती फसवणूक ठरत नाही.

२६/
रिचर्ड ॲटनबरो यांच्या १९८२ च्या ‘गांधी’ चित्रपटातील अंत्ययात्रा हेही असेच उदाहरण. ३१ जानेवारी १९८१ रोजी, मूळ अंत्ययात्रेच्या ३३ व्या स्मृतिदिनी, दिल्लीत सुमारे तीन लाख लोकांच्या गर्दीत तिचे चित्रण झाले. मूळ अंत्ययात्रेचे चित्रण आजही उपलब्ध आहे. दोन्ही शेजारी ठेवून पाहिली, तर कथापटातील गर्दी अधिक सुबक, कॅमेरा अधिक उंच आणि प्रकाश अधिक मऊ दिसतो. १९४८ च्या खऱ्या फितीत रेटारेटी आहे, धूळ आहे, कॅमेरा हलतो. दुःखाला चौकट सांभाळता येत नाही.

२७/
येथवरच्या उदाहरणांवरून पडद्यावरच्या ऐतिहासिक आवाजाचे चार प्रकार पाडता येतात. पहिला, चित्राबरोबरच टिपलेला, जसा बोरसदचा. दुसरा, अस्सल पण वेगळ्या वेळचा किंवा ठिकाणचा, जशी लंडनची तबकडी. तिसरा, शब्द अस्सल पण स्वर दुसऱ्याचा, जसे झवेरींचे निवेदन. चौथा, संपूर्ण नव्याने निर्माण केलेला, जसा मूक यात्रेवरचा जयघोष. चारही वापरता येतात. पण दुसरा आणि चौथा प्रकार पहिल्याचा वेष घेऊन येतो, तेव्हा इतिहास बिघडतो.

२८/
म्हणून जुने चित्रण पाहताना काही प्रश्न मनाशी विचारावेत. या वर्षी बोलते चित्रण शक्य होते का? बोलणाऱ्याचे ओठ दिसतात का, की कॅमेरा सोयीने गर्दीकडे वळतो? भाषा त्या जागेला आणि श्रोत्यांना साजेशी आहे का? स्वराचे वय चेहऱ्याच्या वयाशी जुळते का? कॅमेरा जेथे आहे, तेथे त्या क्षणी माणूस उभा राहू शकला असता का? आणि शेवटी, श्रेयनामावलीत संग्रहांची नावे दिली आहेत का? या साध्या प्रश्नांनी बराच कचरा गाळला जातो.

२९/
हे प्रश्न आज अधिक निकडीचे झाले आहेत. संगणक आता कोणाच्याही आवाजात कोणतेही वाक्य बोलून दाखवतो. जुन्या संकलकाला निदान एक अस्सल तबकडी लागत असे, आता तेवढेही बंधन राहिलेले नाही. अशा वेळी मूळ फीत आणि मूळ तबकडी जपणे हे ताडून पाहण्याचे एकमेव साधन उरते. अस्सल नमुनाच नष्ट झाला, तर नक्कल ओळखायची कशावरून?

३०/
अखेरचा प्रश्न सर्वांत अवघड आहे. दांडीला कॅमेरे गेले. तीन वर्षे आधी, २० मार्च १९२७ रोजी, डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली हजारो माणसे महाडच्या चवदार तळ्याकडे चालत गेली आणि पाणी प्यायली. मीठ उचलण्याइतकीच ती साधी कृती होती आणि तितकीच क्रांतिकारक. ती पडद्यावर पाहायची तर जब्बार पटेल यांच्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ या चित्रपटासारख्या पुनर्रचनेकडे वळावे लागते. माहितीपटकार उपलब्ध फितींतून इतिहास विणतो आणि ज्यांच्याकडे कॅमेरा वळलाच नाही, ते त्या विणीतून सहज गळून पडतात.

३१/
दांडीच्या त्या चित्रफितीवरचा सारा चढवलेला आवाज बंद करून ती एकदा मूकपणे पाहावी. मग इतर गोष्टी दिसू लागतात. रस्त्याकडेला उभ्या असलेल्या स्त्रिया, धावत सुटलेली मुले, कॅमेऱ्याकडे कुतूहलाने वळून पाहणारा एखादा शेतकरी. त्यांची नावे ठाऊक नाहीत आणि त्यांचा आवाज कोणीच टिपला नाही. त्यांच्या तोंडी उसना जयघोष घालण्यापेक्षा ती शांतता तशीच ऐकणे हे त्यांच्याशी अधिक प्रामाणिक आहे.

(समाप्त)